माणूस नेला, पण नोंद कुठाय?

आम्ही बचत गटाच्या कार्यकर्त्या पुन्हा एकदा तुमच्या भेटीला आलो आहोत. मागच्या वेळी आपण कर्जावरचं व्याज कसं काढायचं ते बघितलं. त्याच्या आधी रेशनकार्डात नव्या सुनेचं नाव कसं घालायचं ते. आजचा विषय ऐकून तुम्ही म्हणाल, हे कुठलं परदेशातलं घेऊन आल्या बाई! पण ऐका. भाकरी थापत ऐका, शेंगा फोडत ऐका, पण शेवटपर्यंत ऐका.

३० ऑगस्ट हा दिवस जगभर जबरदस्तीनं बेपत्ता केलेल्या माणसांसाठी पाळला जातो. संयुक्त राष्ट्रांनी तो ठरवून दिला आहे. बेपत्ता म्हणजे जत्रेत चुकलेली किंवा रागानं घर सोडून गेलेली माणसं नव्हेत. सरकारच्या माणसांनी उचलून नेलेली, आणि घरच्यांनी विचारलं तर "आम्हाला काही माहीत नाही" असं सांगितलेली माणसं.

आमच्या एका गटातल्या ताईंचा मुलगा ट्रकवर क्लीनर म्हणून गेला होता. तीन दिवस त्याचा फोन बंद. पहिल्या दिवशी ताई म्हणाल्या, रेंज नसेल. दुसऱ्या दिवशी जेवण गेलं नाही. तिसऱ्या दिवशी शेजारपाजारी बोलायला लागले, पोरगं कुठल्या भानगडीत तर नाही ना? चौथ्या दिवशी फोन आला, मोबाइल पाण्यात पडला होता म्हणे. ताई फोनवर त्याला एवढ्या ओरडल्या, की बैठकीला बसलेल्या आम्ही सगळ्या हसलो. मग त्या रडायला लागल्या आणि आम्ही गप्प झालो.

तीन दिवसांत आईची ही गत होते. आज आम्ही सांगतोय ती गोष्ट वर्षभर वाट बघितलेल्या बाईची आहे.

अमेरिकेत ११ सप्टेंबर २००१ रोजी मोठा दहशतवादी हल्ला झाला. जवळपास तीन हजार माणसं मेली. त्यानंतर अमेरिकेच्या गुप्तचर खात्यानं, म्हणजे सीआयएनं, संशयित माणसं जगभरातून गुपचूप उचलायचा सपाटा लावला. इंग्रजीत या प्रकाराला रेंडिशन म्हणतात. नाव भारदस्त आहे, काम साधं आहे. एका देशात माणूस पकडायचा. डोळे-कान बांधायचे, कपडे कापून काढायचे, डायपर घालायचं आणि खासगी विमानात टाकून दुसऱ्या देशात न्यायचं. कुठल्या न्यायालयासमोर उभं करायचं नाही. वकील द्यायचा नाही. घरी कळवायचं नाही. कधी सीरिया, इजिप्त, मोरोक्को अशा देशांच्या ताब्यात द्यायचं, जिथं पोलीस कोठडीत काय करतात ते सगळ्यांना ठाऊक होतं. कधी सीआयएच्या स्वतःच्या गुप्त तुरुंगात ठेवायचं. असे तुरुंग अफगाणिस्तानात होते, थायलंडमध्ये होते, पोलंड आणि रुमानियातही होते.

२०१३ साली ओपन सोसायटी या संस्थेनं अशा माणसांची मोजदाद केली. १३६ जणांची नावं मिळाली. या कामाला कुठल्या ना कुठल्या प्रकारे हातभार लावणारी सरकारं निघाली ५४. कुणी विमानतळ वापरू दिला, कुणी माणूस पकडून दिला, कुणी नुसती माहिती पुरवली.

आता त्या बाईंची गोष्ट. मोनिया माझिग त्यांचं नाव. आमच्या बैठकीत त्यांची गोष्ट सांगितली तेव्हापासून आम्ही त्यांना मोनियाताईच म्हणतो. जन्म ट्युनिशियातला, राहणं कॅनडात, शिक्षण वित्तशास्त्रातल्या डॉक्टरेटपर्यंत. नवरा माहेर अरार, जन्मानं सीरियाचा, पण सतरा वर्षांचा असताना आईवडिलांबरोबर कॅनडात आलेला. तिथंच इंजिनिअर झाला, तिथलाच नागरिक झाला. दोन मुलं, मुलगी पाच वर्षांची, मुलगा अजून तान्हा.

२००२ च्या सप्टेंबरात हे कुटुंब ट्युनिशियात सुट्टीला गेलं होतं. कामासाठी नवरा एकटाच आधी परत निघाला. न्यूयॉर्कला विमान बदलायचं होतं. २६ सप्टेंबरला तिथल्या विमानतळावर त्याला थांबवलं. चौकशी सुरू झाली. बारा दिवस त्याला न्यूयॉर्कमध्येच अडकवून ठेवलं. तो सांगत होता, मला माझ्या घरी कॅनडाला पाठवा, सीरियात पाठवू नका, तिथं मला मारतील. ८ ऑक्टोबरला पहाटे त्याला उठवून एका छोट्या विमानात बसवलं आणि जॉर्डनला नेलं. तिथून गाडीनं सीरियात.

जवळपास दोन आठवडे हा माणूस कुठे आहे हे ना त्याच्या बायकोला माहीत, ना कॅनडाच्या सरकारला. मग सीरियानं कबूल केलं, आमच्याकडे आहे म्हणून.

तिथं त्याला ज्या खोलीत ठेवलं तिला तो नंतर कबर म्हणायला लागला. तीन फूट रुंद, सहा फूट लांब, सात फूट उंच. दहा महिने आणि दहा दिवस तो त्यात राहिला. सुरुवातीला विजेच्या जाड वायरीनं मारलं. मार थांबावा म्हणून त्यानं, कधीही न गेलेल्या अफगाणिस्तानात आपण प्रशिक्षण घेतलं, असंही कबूल करून टाकलं.

आता तिकडे कॅनडात मोनियाताईंचं काय चाललं होतं? कडेवर तान्हं बाळ, हाताला धरलेली मुलगी. घरातला कमावता माणूस गेलेला. ओळखीचे लोक बोलायचे कमी झाले. कारण नवरा चोरीत पकडला असता तर लोकांनी चौकशी तरी केली असती, पण दहशतवादाचं नाव निघालं की माणसं दूर सरकतात. आपल्या गावात असं झालं तर वेगळं होईल का, हा प्रश्न आम्ही एकमेकींना विचारला. कुणी लगेच उत्तर दिलं नाही.

मोनियाताई गप्प बसल्या नाहीत. त्यांनी पत्रं लिहिली, खासदारांची दारं ठोठावली, पत्रकारांना भेटल्या, संसदेसमोर जाऊन उभ्या राहिल्या. त्यांची मागणी काय होती हे नीट ऐका. माझा नवरा निर्दोष आहे, सोडा, एवढंच त्या म्हणत नव्हत्या. त्या म्हणत होत्या, त्याच्यावर काही आरोप असेल तर त्याला इथं आणा आणि इथल्या न्यायालयात उभं करा.

५ ऑक्टोबर २००३ ला नवरा सुटला. कुठलाही आरोप न ठेवता. एका वर्षाहून जास्त काळ गेला होता. तान्हं मूल चालायला लागलं होतं.

पण गोष्ट तिथं संपत नाही. तो घरी आला तरी त्याच्यावरचा शिक्का गेला नाही. सरकारातल्याच काही जणांनी स्वतःचं नाव लपवून वर्तमानपत्रांना त्याच्याबद्दल वाईटसाईट पुरवलं. इंजिनिअर माणसाला नोकरी मिळेना. सरकारी मदतीवर घर चालवायची वेळ आली. मोनियाताईंनी आणि इतरांनी जोर लावला म्हणून चौकशी आयोग बसला. न्यायमूर्ती डेनिस ओ'कॉनर यांनी २००६ च्या सप्टेंबरात अहवाल दिला. त्यात निघालं, की या माणसानं काही गुन्हा केल्याचा किंवा तो देशाला धोका असल्याचा काहीच पुरावा नाही. कॅनडाच्या पोलिसांनीच अमेरिकेला चुकीची माहिती कळवली होती. आणि त्या संशयितांच्या यादीत नवऱ्याबरोबर बायकोचंही नाव घालायला सांगितलं होतं! ज्या सरकारच्या दारात मोनियाताई नवऱ्यासाठी उभ्या होत्या, त्याच सरकारच्या पोलिसांनी त्यांनाही संशयित ठरवून ठेवलं होतं.

२००७ च्या जानेवारीत कॅनडाच्या पंतप्रधानांनी माफी मागितली. १ कोटी ५ लाख कॅनेडियन डॉलर भरपाई दिली. अमेरिकेच्या न्यायालयांनी मात्र त्याचा दावा ऐकूनच घेतला नाही.

मैत्रिणींनो, मोनियाताईंना निदान दोन आठवड्यांत कळलं की नवरा कुठल्या देशात आहे. दुसऱ्या एका बाईला तेवढंही कळलं नाही.

जर्मनीत खालेद अल-मसरी नावाचा एक माणूस होता. २००३ च्या ३१ डिसेंबरला तो बसनं मॅसेडोनिया या देशात फिरायला निघाला. सीमेवर त्याला उतरवलं. का? तर त्याचं नाव दुसऱ्या एका संशयिताच्या नावासारखं होतं. २३ दिवस हॉटेलात कोंडलं, मग विमानतळावर सीआयएच्या ताब्यात दिलं. तिथून अफगाणिस्तानात. काही महिन्यांत त्यांना कळलं, हा तो माणूसच नव्हे. मग २८ मे २००४ ला त्याला विमानानं अल्बानियात आणलं आणि रात्रीच्या वेळी डोंगरातल्या एका रस्त्यावर सोडून दिलं. पाठीत गोळी घालतील या भीतीनं तो मागे न बघता चालत राहिला.

घरी पोचला तर घर रिकामं. पाच महिने त्याचा फोन नाही, निरोप नाही. नवरा आपल्याला टाकून गेला असं समजून बायको मुलांना घेऊन लेबनॉनला निघून गेली होती. सांगा, तिचं काय चुकलं? आपल्याकडे सुद्धा नवरा पाच महिने गायब असला तर लोक दुसरं काय म्हणतात? पोलिसांनी नेलं असेल असं कुणाच्या मनात येतं का? त्या बाईनं पाच महिने जे मनात सोसलं असेल, ते कुठल्याही न्यायालयाच्या निकालात लिहिलेलं नाही.

२०१२ च्या डिसेंबरात युरोपच्या मानवी हक्क न्यायालयानं निकाल दिला, की या माणसाचा छळ झाला, आणि मॅसेडोनियानं ६० हजार युरो द्यावेत. मॅसेडोनियाची माफी यायला २०१८ साल उजाडलं. मधल्या काळात तो माणूस मनानं पार मोडला होता. उपचार लागले, हातून गुन्हे घडले, तुरुंगात गेला. निर्दोष म्हणून सोडलेला माणूस पहिल्यासारखा परत आलाच नाही.

आणि तिसरी गोष्ट फातिमा बुदशार यांची. मोरोक्कोच्या या बाईंना तर स्वतःलाच नेलं. त्यांचे पती अब्देल हकीम बेलहाज लिबियाचे, तिथला हुकूमशहा गद्दाफी याच्या विरोधात लढणाऱ्या एका सशस्त्र गटाचे नेते. २००४ च्या मार्चमध्ये दोघं आसऱ्यासाठी ब्रिटनला निघाले होते. बँकॉकला त्यांना पकडलं. फातिमाताईंना तेव्हा साडेचार महिने गेले होते. पोटुशी बाईला स्ट्रेचरवर पायापासून डोक्यापर्यंत चिकटपट्टीनं गुंडाळलं. एक डोळा उघडा राहिला, त्यावरच पट्टी बसली. तसंच १७ तास विमानातून लिबियात नेलं. गद्दाफीच्या तुरुंगात ठेवलं. बाळंतपणाच्या जरा आधी सोडलं. बाळ जन्मलं ते दोन किलोपेक्षाही कमी वजनाचं. आमच्यातल्या आशाताई हे ऐकून म्हणाल्या, असं बाळ जगलं हेच नशीब. नवरा मात्र सहा वर्षं आत राहिला.

ब्रिटनच्या गुप्तचर खात्यानं यात मदत केली होती. हे कळलं कसं? २०११ मध्ये गद्दाफीची सत्ता गेली आणि त्याच्या खात्याच्या कार्यालयात कागद सापडले. म्हणजे बघा, घरच्यांना सांगायला नोंद नव्हती, पण एकमेकांना कळवायला कागद होते. मग या नवराबायकोनं ब्रिटिश सरकारवर दावा लावला. बेलहाज म्हणाले, मला फक्त तीन पौंड द्या आणि माफी मागा. सरकार कित्येक वर्षं तयार होईना. शेवटी १० मे २०१८ ला ब्रिटनच्या संसदेत माफी वाचून दाखवली गेली. फातिमाताई प्रेक्षकांच्या सज्जात बसून ऐकत होत्या. शेजारी त्यांचा मुलगा बसला होता. तोच, दोन किलोहून कमी वजनाचा. आता मोठा झालेला.

हे सगळं सांगून झाल्यावर आमच्या बैठकीत एका काकूंनी स्पष्टच विचारलं, "ते सगळं खरं, पण दहशतवादी असले तर? मुंबईत २६ नोव्हेंबरला आपली माणसं मारली. त्यांना काय ओवाळायचं का?"

काकूंचा प्रश्न रास्त आहे. त्याला टाळून पुढे जायचं नाही असं आम्ही ठरवलं. आणि उत्तर मुंबईतच मिळालं. कसाबला हातात बंदूक असताना पकडलं होतं. सगळ्या देशानं त्याला बघितलं होतं. तरी त्याला वकील दिला. खटला चालला, साक्षीदार आले, कागद झाले. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं. २०१२ च्या नोव्हेंबरात येरवड्याला फाशी झाली. त्यानं काय केलं ते आज जगाला ठाऊक आहे, कारण ते न्यायालयात सिद्ध झालं.

दुसरं, अबू सालेम. १९९३ च्या मुंबई बॉम्बस्फोटांतला आरोपी. तो पोर्तुगालमध्ये पकडला गेला २००२ च्या सप्टेंबरात. त्याच महिन्यात न्यूयॉर्कला मोनियाताईंच्या नवऱ्याला अडवलं होतं. भारत सरकारनं सालेमला पोत्यात घालून आणलं नाही. पोर्तुगालच्या न्यायालयात रीतसर मागणी केली. फाशी देणार नाही आणि २५ वर्षांपेक्षा जास्त कैदेत ठेवणार नाही अशी हमी दिली. तीन वर्षं लागली. २००५ च्या नोव्हेंबरात तो इथं आला, खटला चालला, शिक्षा झाली. याला प्रत्यर्पण म्हणतात. वेळखाऊ आहे, पण त्यात चुकीचा माणूस सापडला तर तो बोलू शकतो, "अहो, तो मी नव्हे!" खालेदनं हेच किती वेळा सांगितलं असेल. पण ऐकायला न्यायाधीश नव्हता. अमेरिकेच्याच सिनेट समितीनं २०१४ मध्ये कबूल केलं, की सीआयएच्या ताब्यात राहिलेल्या ११९ जणांपैकी निदान २६ जणांना पकडायलाच नको होतं.

आपल्या गटात दहा रुपये पेटीतून बाहेर काढले तरी नोंद होते. तारीख, नाव, सही, दोघींच्या साक्षी. नवीन सदस्य कुरकुरतात, आपण काय चोर आहोत का? आम्ही त्यांना सांगतो, बाई, नोंद चोरासाठी नसते, विश्वास टिकावा म्हणून असते. माणसाला त्याच्या घरापासून तोडून नेताना तर याहून पक्की नोंद हवी.

आपल्या देशात ती आहे, आणि ती प्रत्येक बाईला पाठ असायला हवी. संविधानाचं कलम २२ सांगतं, की अटक केलेल्या माणसाला कारण सांगायचं, वकील भेटू द्यायचा, आणि प्रवासाचा वेळ सोडून २४ तासांच्या आत दंडाधिकाऱ्यांसमोर उभं करायचं. १९८६ साली पश्चिम बंगालमधल्या डी. के. बसू यांनी कोठडीतल्या मृत्यूंबद्दल सरन्यायाधीशांना पत्र लिहिलं. त्या पत्रालाच याचिका मानून सर्वोच्च न्यायालयानं १९९६ मध्ये नियम घालून दिले. अटकेचा पंचनामा करायचा, त्यावर तारीख-वेळ टाकायची, घरच्या माणसाची किंवा गावातल्या प्रतिष्ठित माणसाची सही घ्यायची. कुठे नेलं ते नातेवाइकाला कळवायचं. ही पोलिसांची मेहेरबानी नाही, त्यांच्यावरचं बंधन आहे.

तरी सुद्धा माणूस कुठे आहे ते कुणी सांगत नसेल, तर उच्च न्यायालयात हेबियस कॉर्पसचा अर्ज करता येतो. म्हणजे, ज्याला पकडलंय त्याला आमच्यासमोर हजर करा, असा हुकूम मागायचा. पैसे नाहीत म्हणून थांबू नका. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून बाईला वकील फुकट मिळतो, तिचं उत्पन्न किती हे बघितलं जात नाही. १५१०० हा त्यांचा फोन नंबर. वहीच्या मागच्या पानावर आत्ताच लिहून ठेवा.

एक गोष्ट मात्र आपल्या देशाकडून राहिली आहे. माणसं बेपत्ता करण्याविरुद्ध संयुक्त राष्ट्रांचा करार २००६ साली झाला. भारतानं २००७ मध्ये त्यावर सही केली, पण तो मंजूर करून लागू केलेला नाही. आपण ग्रामसभेत ठराव मांडतो, सही होते, आणि पुढे काम होत नाही, तेव्हा आपण विचारतो ना, झालं काय? तसं हेही विचारायला हवं.

बैठक संपताना त्या क्लीनरच्या आईनं आम्हाला विचारलं, "मोनियाताईंना वर्षभर झोप कशी लागली असेल?" आम्ही म्हटलं, लागली नसेल. त्या म्हणाल्या, "मग गावात असं कुणाच्या घरी झालं, तर आधी आपण तिच्याकडे जाऊन बसायचं. खरं-खोटं काय ते न्यायालय बघेल." आम्ही ते त्या दिवशीच्या इतिवृत्तात लिहून घेतलं आणि खाली सगळ्यांनी सह्या केल्या.

तुमच्या गटातही हा विषय घ्या, मैत्रिणींनो.